फोन न करायचे दिवस

२६ सप्टेंबर

जेवताना फोन वाजला. घास हातातच राहिला. सासूबाई होत्या! "नाशपाती पाठवल्यात, पोचल्या का?"

चिहारु फोन घेऊन आत गेली. दबक्या आवाजात आईला रागावत होती — "या दिवसांत यांना फोन नको म्हणून सांगितलं होतं ना? मेसेज करायचा!"

सप्टेंबर सरत आला की बेसबॉल खेळणाऱ्यांच्या घरात हे असंच. क्लबच्या ऑफिसातून फोन येतो तो एकाच कामासाठी — नारळ द्यायला. म्हणून खेळाडू एकमेकांनाही फोन करत नाहीत. कशाला कुणाची छाती धडधडवायची?

३० सप्टेंबर

क्लबच्या दुसऱ्या, म्हणजे राखीव संघाचा शेवटचा सामना. बॅटिंगमध्ये काहीच नाही. सेंटरला, मागे मधोमध माझ्या जागेवर, एक झेल, तोही सोपा.

३ ऑक्टोबर

आला.

सुपरमार्केटच्या पार्किंगमध्ये होतो. "होरिए? उद्या सकाळी ऑफिसात ये. सूट घालून." बस, एवढंच. हातात अंडी होती. एकही फुटलं नाही — याचं का कोण जाणे, बरं वाटलं.

चिहारुला सांगितलं. सूट काढून इस्त्री करत बसली. पाचवा महिना लागलाय तिला. बसून इस्त्री करते हल्ली.

४ ऑक्टोबर

खेळाडूंची सगळी नेमणूक सेगावासानच्या हातात. त्यांनी चहा मागवला. तो यायच्या आत बोलणं संपलं.

"पुढच्या वर्षी तुझ्याशी करार नाही."

पंधरा वर्षं. शाळेतून सरळ इथे आलो होतो. पहिल्या संघात थोडेच सामने मिळाले. लोकांना माझा एकच झेल आठवतो — भिंतीवर आदळून घेतलेला. गुडघा त्याच भिंतीशी गेला. झेल अजून टीव्हीवर दाखवतात. गुडघा दाखवत नाहीत.

निघताना म्हणाले, "ऑफिसात जागा आहे. बस, हॉटेल, डबे, खेळाडूंची कामं. विचार कर. महिनाअखेर माणूस हवाय."

म्हटलं, मला अजून खेळायचंय. नोव्हेंबरात काढून टाकलेल्या खेळाडूंची चाचणी असते. एखादा क्लब घेतोही.

"बघ," म्हणाले. माझ्या गुडघ्याकडे बघत.

५ ऑक्टोबर

दिवसभर फोन! आता सगळ्यांना मोकळीक. कुरामोचीचा पहिला — "होरिएसान, आता तुम्हाला फोन करायला हरकत नाही ना? तुमचं आणखी काय वाकडं होणार!" हसलो. कालपासून पहिल्यांदा.

कुरामोची लेफ्टला खेळतो. माझ्यापेक्षा लहान. सहा वर्षं माझ्या शेजारी उभा राहिलाय. यंदा पहिल्या संघात बरेच सामने मिळालेत त्याला. त्याला काळजी नाही.

"ऑफिस-बिफिस काही नाही. चाचणीला उतरायचं. रोज सकाळी मी तुम्हाला उंच चेंडू मारून देतो."

११ ऑक्टोबर

रोज नदीकाठच्या मैदानावर. तो मारतो, मी पळतो. "म्हातारबा, जरा पाय उचला!" स्वतःचा सराव सोडून येतो. त्याची बायको भाताचे गोळे बांधून देते, दोघांपुरते.

मीही आता कुणालाही बिनधास्त फोन करतो. माझं नाव दिसलं तर कोण घाबरणार?

१८ ऑक्टोबर

आज एक चेंडू डोक्यावरून गेला. असे हजारो घेतलेत — पाठ वळवायची, न बघता पळायचं, मग मान वर करायची. पाठ वळली. गुडघा वळला नाही. चेंडू मागे पडला. तो पडल्याचा आवाज ऐकला.

कुरामोची लांबून ओरडला, "ऊन आलं डोळ्यावर!"

आभाळ भरलेलं होतं.

१९ ऑक्टोबर

सेगावासानना हो म्हणून कळवलं.

चिहारु ओट्याकडे तोंड करून रडली. आनंदाने की कशाने, विचारलं नाही. विमा चालू राहील. बाळंतपणाची चिंता नाही.

कुरामोचीला सांगायची लाज वाटत होती. त्याने बॅट पिशवीत घातली. मग — "म्हणजे पुढच्या वर्षी माझी बॅग बसमध्ये तुम्ही चढवणार! नीट चढवा हं, आत माझ्या बॅटी असतात."

२४ ऑक्टोबर

नव्या खेळाडूंची निवड टीव्हीवर. कुरामोची नवराबायको आमच्याकडे आले होते. चिहारुने चेस्टनट घालून भात केला. क्लबने पहिल्याच फेरीत कॉलेजचा पोरगा उचलला. लेफ्टला खेळणारा.

कुरामोची पडद्याला नाक लावून — "काय पळतोय हो! याला मी शिकवणार भिंतीजवळ कसं उभं राहायचं ते. तुमच्यासारखं आदळू नको म्हणून सांगेन!"

सगळे हसलो. त्याची बायको जरा उशिरा हसली.

२८ ऑक्टोबर

ऑफिसचा पहिला दिवस. खुर्ची फार खाली आहे, गुडघा दुमडला की कळ येते. बसचं वेळापत्रक शिकलो. कपडे धुणाऱ्या बाईंनी ओळखलं — "तुमच्या विजारीवरची माती कधी निघायची नाही!"

संघ मोसमातून बाहेर पडलाय. सामने संपले की खेळाडू काढून टाकायची दुसरी फेरी असते, ती उघडली. सेगावासान जाता जाता म्हणाले, "उद्या सकाळी एक फोन तुला करायचाय." कुणाला ते विचारलं. "उद्या सांगतो."

कुणी पिचर असेल. वाईट काम. पण कुणीतरी करायचंच.

२९ ऑक्टोबर

कुरामोची.

ऑफिसच्या नंबरवरून केलेला फोन त्याने दोनदा उचलला नव्हता. सेगावासान म्हणाले, "तुझ्या मोबाईलवरून कर. तुझा उचलेल."

पहिल्याच रिंगला उचलला. हसत होता.