मादी चौदाचं दुसरं पाडस

१८ ऑगस्ट २०१५, मंगळवार
आजपासून पुन्हा लॅब. स्कॅनला आज आठवडा झाला. बिशानहून केंट रिजपर्यंत एमआरटीत, इथल्या मेट्रोत, बसायला जागा मिळाली.
डॉक्टरांची वाक्यं पाठ झालीत. जुळ्यांतल्या एकाचं हृदय थांबलंय. दुसऱ्याचं उत्तम आहे. दोघांची वार वेगळी, म्हणून दुसऱ्याला धोका कमी. बाळंतपणापर्यंत दोघंही आतच राहतील. पंचविसावा आठवडा.
मुग्धा घरूनच काम करतेय. निघताना म्हणाली, "माझ्या घरी मी सांगितलंय. तुझ्या आईला तू सांग. मला इतक्यात फोनवर कुणाशी बोलायचं नाही." हो म्हटलं.
दिवसात बारा क्लिप्स झाल्या. प्राँगहॉर्न, हरणासारखे, अमेरिकेतल्या माळरानावरचे, तिथल्या टीमने लांबच्या टेकडीवरून चित्रित केलेले. मादी चरते, मान वर करते, पुन्हा चरते. ती काय करतेय त्याचा रकाना मी दर दहा सेकंदांनी भरतो. काही वाटलं नाही. बरं पडलं.

२१ ऑगस्ट, शुक्र.
आईचा नाशिकहून फोन. सांगायचं असं ठरवूनच उचलला. ती म्हणाली, दोन कुंच्या शिवायला घेतल्यात, एक पिवळी, एक हिरवी. मुलगा-मुलगी काही झालं तरी चालतील असे रंग. मग बाबांच्या गुडघ्यांबद्दल बोललो. ठेवला.
मु. ने विचारलं, "बोललास आईंशी?"
"बोललो."
बोललो तर होतोच.

२६ ऑगस्ट, बुध.
प्रोफेसरबाईंनी बोलावून घेतलं. हवी तेवढी सुट्टी घे म्हणाल्या. मी म्हटलं, काम असलेलं चांगलं.
मे महिन्यात, जुळी आहेत कळलं त्या आठवड्यात, मी मु. ला जेवताना प्राँगहॉर्नचं सगळं रंगवून सांगितलं होतं. त्यांनाही बहुतेक जुळीच होतात. आई दोघांना एकमेकांपासून लांब, वेगवेगळ्या गवतात ठेवते. स्वतः तिसरीकडेच चरते, पाडसांकडे रोखून बघतसुद्धा नाही, कोल्ह्यासारख्या कोयोट्यांना सुगावा लागेल म्हणून. दिवसातून मोजक्या वेळा येऊन पाजते, त्याचं शी-शू चाटून घेते, वास उरू नये. पाजून झालं की पाडस स्वतःच जाऊन कुठेतरी दबून बसतं. नेमकी जागा ते ठरवतं, आई लांबून बघून ठेवते.
आणखी एक गोष्ट तेव्हाच सांगितली होती. ती आज रात्री मु. ने काढली. वरणभात कालवत म्हणाली, "त्यांच्यात पोटातच एक दुसऱ्याला मारतो म्हणाला होतास."
"ते अगदी सुरुवातीला. गर्भ जास्त असतात, त्यातले दोन उरतात. माणसांत तसं नसतं."
"नक्की?"
"नक्की."
ती जेवली. भांडी मी घासली.

३ सप्टेंबर, गुरु.
स्कॅन. सत्तावीस आठवडे पूर्ण. ठोके जोरात. स्कॅन करणारी मुलगी तरुण होती, डावीकडचा भाग भराभर ओलांडत होती. मु. म्हणाली, "तिकडचंही दाखवा." मुलीने माझ्याकडे पाहिलं. मी स्क्रीनकडे. दाखवलं तिने. काही हलत नव्हतं. मु. तिला थँक यू म्हणाली.
खाली फूड कोर्टात दोघांनी सूप घेतलं. तिने स्वतःचं संपवलं आणि माझंही.

९ सप्टें., बुध.
क्लिप ६१. मादी चौदा. दोन पाडसं, पहिलं सपाटीवर, दुसरं घळीजवळ. कोयोटी नाक खाली घालून गवतात फिरतोय. मादी धावून आली, पुढच्या खुरांनी मारून त्याला हाकललं. तो परत आला. पुन्हा हाकललं.
प्राँगहॉर्नच्या मागे धावून आज त्याला कुणी गाठू शकत नाही. ज्याच्या भीतीने एवढा वेग आला ते जनावर हजारो वर्षांपूर्वीच संपलं म्हणतात. पण आठवड्याचं पाडस धावत नाही. ते मान जमिनीला टेकून पडून राहतं.
कोयोटी तिसऱ्यांदा आला तिथे थांबवलं. ६१ चे रकाने रिकामे सोडून ६२ उघडली.

१७ सप्टें., गुरु.
गणपती बसवले. मूर्ती लिटिल इंडियातली, वीतभर. बाहेर शेजारच्या देशातल्या वणव्यांचा धूर, समोरचा ब्लॉक अर्धा दिसतो. खिडक्या बंद, उदबत्तीसुद्धा लावली नाही. मु. आत आडवी होती.
आईचा फोन. शनिवारच्या पुढच्या शनिवारी पोचतेय, तिकीट बाबांनी छापून ठेवलंय.
"दोघं लाथा मारतात का रे?"
"मारतात."
असं उत्तर द्यायचं मी ठरवलं नव्हतं. तिने विचारलं आणि तोंडातून गेलं.

२४ सप्टें., गुरु.
परतताना उलट्या दिशेच्या गाडीत बसलो. शेवटच्या स्टेशनला, हार्बरफ्रंटला, गाडी रिकामी झाली तेव्हा कळलं. मु. ला मेसेज केला की उशीर होतोय. ती म्हणाली, चालेल, दूध आण.
आईला विमानतळावरच सांगायचं. टॅक्सीत बसायच्या आधी.

२६ सप्टें., शनि.
नाही सांगितलं. टॅक्सीवाला धुराबद्दल बोलत होता, आई काचेतून बघत होती, "काय रे हे, धुकं आहे का?" आणि बिशान आलं.
आल्या आल्या बॅग उघडून बसली. लाडू, मेतकूट, दुपटी. मग दोन कुंच्या पलंगावर शेजारी शेजारी ठेवल्या. मु. दारात उभी.
"दोन?"
आई हसून म्हणाली, "मग? एकाला शिवून दुसऱ्याला काय तसंच ठेवू?"
मु. ने माझ्याकडे बघितलं. "निखिल, तू सांगितलं नाहीस?"
"काय नाही सांगितलं?" आई.
मु. ने सांगितलं. उभ्या उभ्या, तीन वाक्यांत, डॉक्टरांच्याच शब्दांत. मी बॅगेची चेन लावत होतो.

२७ सप्टें., रवि.
मु. सकाळी एवढंच म्हणाली, "ते एकदा बोलून झालं होतं माझं. तू मला पुन्हा बोलायला लावलंस."
आईने उपमा केला. मला स्वयंपाकघरात गाठलं. डोळे सुजलेले.
"दोघं लाथा मारतात म्हणालास मला."
"हो."
"का रे असं?"
"तुला वाईट वाटेल म्हणून."
हे खरं नाही. ती रडेल, मी रडणार नाही, आणि ते तिला दिसेल, म्हणून. हे तिला सांगितलं नाही. इथे लिहून ठेवतोय.

१ ऑक्टो., गुरु.
लॅबमधली रिसर्च असिस्टंट कविता माझी शीट तपासत होती. इथलीच, तमिळ, वाक्याच्या शेवटी 'लाह' लावणारी. "सिक्स्टी-वन स्टिल एम्प्टी लाह. फाइल खराब आहे का?" नाही म्हटलं, करतो. तिने ती ओळ पिवळी करून ठेवली.
घरी आई आणि मु. एकमेकींशी बोलतात. माझ्याशी दोघीही, कामापुरतं.

४ ऑक्टो., रवि.
दुपारी लॅपटॉप जेवणाच्या टेबलावर होता. मु. ने पिवळी ओळ पाहिली. "हे काय राहिलंय?"
सांगितलं. मादी चौदा, दुसरं पाडस, कोयोटी.
"लाव."
"नको गं."
"लाव म्हणतेय ना."
लावली. आई कणकेचे हात घेऊन मागे येऊन उभी राहिली. तिसऱ्या वेळी मादी सपाटीवरच्या पाडसाच्या बाजूला होती. धावत आली, पण उशीर झाला होता. कोयोटी दुसरं पाडस घेऊन घळीत उतरला. ती काठावर उभी. ढुंगणावरचे पांढरे केस फुलारलेले, धोका दिसला की फुलतात तसे. क्लिप संपली.
"पुढे?"
पुढचं मी भरलेलं होतं. क्लिप ६६, दुसरा दिवस. शीटवर माझ्याच हातचं: चालणे, थांबणे, थांबणे, थांबणे, चालणे. भरताना ही तीच जागा आहे हे लक्षात आलं नव्हतं. की आलं होतं? आता लावून बघितली. ती घळीपाशी येते, थांबते. खूप वेळ. मग सपाटीवर जाते, पहिलं गवतातून उठतं, पितं. पुढच्या क्लिप्समध्ये, तिसऱ्या दिवशी पुन्हा घळीशी, थोडाच वेळ. चौथ्या दिवशी सरळ पहिल्याकडे.
"विसरली," मु. म्हणाली.
"विसरली कशाने? राहिलेल्याला भूक लागलेली." आई.
"आपल्याला माहीत नाही, आई." हे मु. ने हळू म्हटलं. आईने मान हलवली आणि पोळ्या लाटायला गेली. आत भांड्यांचा आवाज येईना बराच वेळ.
मु. ने खुर्ची ओढून घेतली. "चल, ६१ भर. मी सांगते." घड्याळ धरून दर दहा सेकंदांनी ती सांगत गेली. चरते. मान वर. धावते. मारते. चरते, नाही, उभी आहे. मी टाइप करत गेलो. शेवटच्या रकान्याला तिने हातानेच दाखवलं, उभी. मी लिहिलं. फाइल सेव्ह केली. तिने माझ्याकडे बघितलं आणि म्हणाली, "तुला काहीच होत नाही का?"
"माहीत नाही."
"हे तरी खरं बोललास."

१२ ऑक्टो., सोम.
डॉक्टरांकडे. नर्सने हळूच विचारलं, बाळंतपणानंतर दुसरं बाळ बघायचं आहे का. नसेल तर तसं सांगा, कुणी आग्रह करणार नाही. मु. म्हणाली, बघायचं आहे, हातात घ्यायचं आहे. आईने बाहेर कळल्यावर सांगितलं, मीही. हिरवी कुंची त्याला द्यायची असं दोघींचं आधीच ठरलेलं दिसलं.
"आणि तू?" मु. ने विचारलं.
"बघू."
"बघू म्हणजे काय, निखिल?"
एमआरटी आली.

१८ ऑक्टो., रवि.
मु. चं बीपी चढलंय. पाय सुजलेत. आई तिच्या पायांना तेल लावते. मी लॅबचा शेवटचा भाग पाठवून दिला. मु. ने माझा हात धरून पोटावर ठेवला, उजवीकडे. लाथ बसली. मग हात सरकवून डावीकडे ठेवला. तिथे काही हललं नाही. हात मात्र मी लगेच काढला नाही.

२० ऑक्टो., मंगळ.
हॉस्पिटल. सकाळचे साडेनऊ. चौतिसावा आठवडा. बीपी खाली येत नाही, आजच सिझेरियन करायचं म्हणाले. मु. ला आत नेलं. जाताना म्हणाली, "आत येतोयस ना?" येतोय म्हटलं. आई बाहेर बाकावर, कापडी पिशवी मांडीवर.
कपडे देणाऱ्या नर्सने सहज विचारलं, "फर्स्ट बेबी?"
हो म्हणालो. मग नाही म्हणालो. मग तोंड उघडं राहिलं आणि घशातून एक आवाज आला, खोकल्यासारखा. पुन्हा आला. थांबेना. नर्सने मला खुर्चीवर बसवलं, पाणी दिलं. आईला दारातून दिसलं असावं, ती उठून उभी राहिली.
आता बरा आहे. दहा मिनिटांत बोलावतील म्हणे. मोबाईलवरच लिहितोय. टोपी घातली, गाऊन घातला. बुटांवर चढवायच्या निळ्या पिशव्यांपैकी एक चढवलीय, दुसरी हातात. नाव पुकारलं. जातोय.