एकेचाळीस काचा डोंगरात, एक हॉलंडला

मी सातिनेम, राहणार जावा बेटावरचं मागेलांग, लष्करी इस्पितळामागची गल्ली, वय पंचावन्नच्या पुढे, हे माझ्या हातानं लिहिते. डोकं ठिकाणावर आहे. गुडघे नाहीत, पण त्यांना कोण विचारतो.

घर आणि भात वाफवायचं तांब्याचं भांडं माझ्या दुसऱ्या संसारातली नात रुकिनी हिला. शेजारीण पैनाह भांडं तिचं आहे म्हणेल. तिला म्हणू द्यावं, भांडं देऊ नये.

राहिल्या डॉक्टर फेरहूफनं मागे टाकलेल्या बेचाळीस काचा. तो डच पलटणीचा डॉक्टर, मी त्याच्या घरातली बाई, लग्नाची नव्हे. सुमात्रातल्या आचे मुलखाच्या डोंगरातल्या मोहिमेवर निघताना म्हणाला, जखमींना औषध द्यायला जातो. परतला तो फोटोच्या काचा घेऊन. विहिरीवर धुतल्या मी. काचेवर काळ्याचं पांढरं दिसतं. मला वाटलं, कापूस वाळत घातलाय. उन्हात धरल्या तेव्हा कळलं, मेलेली माणसं आहेत, बायकापोरांसकट, आणि मागे शिपाई ओळीनं उभे.

या एकेचाळीस काचा बाजारातला कॉफीवाला अमान दोलाह याला द्याव्यात. तो त्याच डोंगरातला. त्यानं त्या तिकडं न्याव्यात, आपली माणसं तिथलेच लोक ओळखतील.

बेचाळिसावी माझी मुलगी योहाना हिला. ती तीन वर्षांची असताना डॉक्टरला तिचा फोटो हॉलंडला, त्याच्या आईला पाठवायचा होता. पोर एकटी बसेना. तो म्हणाला, "तिला मांडीवर घे आणि हे डोक्यावरून ओढ. खुर्ची हो." माझंच तपकिरी बातिक. आतून मी तिला घट्ट धरलं.

"आई, कुठं गेलीस?"

"इथंच आहे. हलू नकोस."

पुढं त्यानं एका कागदावर माझा अंगठा घेतला. पोरीला बापाचं नाव लागेल म्हणाला. लागलं. त्याच कागदानं आईचा हक्क गेला, हे मला पोर बापाबरोबर बोटीत बसून गेल्यावर कचेरीतल्या कारकुनानं सांगितलं. मग मी अक्षरं शिकले.

यंदा योहानाचं पत्र आलं, 'घर सांभाळणाऱ्या बाईस' म्हणून. डच भाषेतलं, रुकिनीनं वाचून दाखवलं. वडील वारले, संग्रहालयाला त्यांच्या काचा हव्यात. आई तिच्या बाळंतपणातच गेली, असं वडील सांगत. बातिक टाकलेल्या खुर्चीवरचा तिचा फोटो भिंतीवर आहे.

रुकिनी म्हणाली, "आजी, लिही ना तिला, तू आहेस म्हणून."

मी म्हटलं, "मेल्यावर कळव. जिवंतपणी कळलं तर कीव करेल. ती मला नको."

काचेसोबत ते बातिकही पाठवावं. योहाना, काच उजेडात धर. तुझ्या कमरेशी कापडाला दोन्हीकडे चार-चार उंचवटे दिसतील. खुर्चीला बोटं नसतात.

खाली अंगठा लावलेला नाही. सही वाकडी असली तरी माझी आहे.

सातिनेम

साक्षीदार:
सोमोदिहार्जो, मशिदीतले
पैनाह, शेजारीण (भांड्याचं कलम तिला दोनदा वाचून दाखवलं)

मागेलांग, शुक्रवार, १४ ऑगस्ट १९३६