दाराला टेकवलेला खराटा

हेलसिंकी, ३ मार्च १९७२

ती. हेल्वीताईस,
सा. न. वि. वि.

उत्तराला उशीर झाला, रागावू नकोस. टीव्हीच्या समितीने अगदी वात आणलाय. लाकूडगिरणीवरची माझी फिल्म त्यांनी नाकारली, कामगारांच्या खोल्यांवरची अर्धी कापून मग दाखवलीच नाही, आणि ओस पडणाऱ्या गावांवरची ही तिसऱ्यांदा परत पाठवली होती. थोडी आशा दाखवा, म्हणतात. निम्मं गाव पोटासाठी स्वीडनला गेलंय, आशा काय भाड्याने आणू?

शेवटी या सोमवारी गावातलं आपलंच घर चित्रित केलं. आईला आतल्या खोलीत बसवलं, धूर दिसू नये म्हणून चूल विझवली आणि बाहेर दाराला खराटा टेकवला. खराटा दिसला की घरात कुणी नाही, दार वाजवायचं नाही, हे समितीतल्या शहरी मंडळींना समजावून सांगावं लागलं, बोल! पण काल ते दृश्य त्यांनी पुन्हा लावून पाहिलं. ते असेल तर एप्रिलमध्ये फिल्म दाखवू, म्हणाले. दहा वर्षांत पहिल्यांदा होकार मिळालाय.

आई ठणठणीत आहे. लोभ आहेच, पत्राला पत्राने उत्तर देऊन तो राखावा.

तुझा,
आउलिस

कुओपिओ, ७ मार्च

चि. आउलिस,
अ. आ.

तुझं पत्र मला इथे हॉस्पिटलात, आईच्या खाटेशी मिळालं. तुझ्या ऑफिसात दोनदा फोन केला, तर साहेब मीटिंगमध्ये.

सोमवारी अंधार पडल्यावर आई चूल पेटवायला उठली आणि पडली. खुब्याचं हाड मोडलंय. गुरुवार सकाळपर्यंत ती थंडगार घरात, अंगावर सतरंजी ओढून पडून होती. तुझा खराटा दाराला तसाच होता. मंगळवारी पोस्टमन आला, खराटा पाहून परत गेला. शेजारची सेल्मा मासे भरून भाजलेली भाकरी घेऊन दोन दिवस आली आणि दोन्ही दिवस पायरीवरूनच परत फिरली. गुरुवारी तिला वाटलं, ही मला न सांगता कुठे जाणार नाही, म्हणून ती आत शिरली. ती बिचारी आता रोज येऊन आईची माफी मागते.

गावात कुणी उरलं नाही असं तू जगाला सांगणार आहेस. अरे, जे उरलेत ते दाराशी येऊन गेले. ते दृश्य काढून टाक.

राग गेल्यावर लोभ कळवीन.

हेल्वी

हेलसिंकी, १० मार्च

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

काम दोन दिवस चालेल, रात्री आम्ही बाहेर मुक्कामाला असू, असं आईला सांगितलं होतं, ते एका दिवसात आटोपलं. बस चुकेल म्हणून आत न जाताच निघालो. खराटा मीच उचलायला हवा होता.

दृश्य काढलं तर फिल्म गेली, हे समितीने स्पष्ट सांगितलंय. दहा वर्षं ज्या माणसांसाठी भांडतोय त्यांची ही एकच फिल्म लोकांपुढे जाणार होती. तरी तू म्हणशील तर काढतो. पुढच्या शनिवारी, १८ तारखेला येतोच आहे.

एक राहून राहून छळतंय. दोघं पायरीपर्यंत आले, मग आईने हाक का मारली नाही? तिला विचारशील?

अपराधी,
आउलिस

कुओपिओ, १४ मार्च

चि. आउलिस,
अ. आ.

आईला विचारलं. आधी विषय टाळत होती.

मंगळवारी तिने पावलं ऐकली. तुम्ही फिल्मवालेच आहात, काम चालू आहे, असं तिला वाटलं. बोललो तर आवाज फिल्ममध्ये जाईल आणि पोराला पुन्हा सगळं करावं लागेल, म्हणून तोंडावर हात दाबून पडून राहिली. बुधवारी हाक मारायची ठरवली, तेव्हा आवाजच फुटेना.

दृश्य काढ असं मी म्हटलं होतं. आता काही म्हणत नाही, तुझं तू ठरव. आई मात्र वॉर्डातल्या सगळ्या बायकांना एप्रिलमधल्या फिल्मचं सांगून बसलीय.

तुम्ही सोमवारीच निघून गेलात, हे मी तिला सांगितलेलं नाही. तिने तुला एवढंच विचारायला सांगितलंय, की मंगळवारी ती कण्हली होती, तो आवाज फिल्ममध्ये कुठे आला नाही ना?

ये लवकर. लोभ आहे.

हेल्वी