देवपुरातली चौसष्ट अंडी

४ मार्च १९३७. देवपूर, धुळे
आजपासून रोजनिशी. शास्त्रीय कामाला नोंदी लागतात, म्हणून. बाकी काही लिहायचं नाही.

कौतिकने मुंबईहून पाठवलेली बरणी दुपारच्या गाडीने आली. कौतिक माझा कॉलेजातला सोबती, आता तिथेच प्राणिशास्त्राचा डेमॉन्स्ट्रेटर आहे. बरणीत ॲक्सोलॉटलची चौसष्ट अंडी. मेक्सिकोतला प्राणी. दिसायला पालीसारखा, पण पाण्यात राहतो. मानेच्या दोन्ही बाजूंना पिसांसारखे कल्ले. खानदेशात कोणी पाहिलेला नसणार. सोबत चिठ्ठी, दोन्ही बाजूंनी लिहिलेली. एक बाजू वाचली. दुसरीवर क्षेमकुशल असेल, सवडीने वाचू.

जूनपर्यंत चौसष्टच्या चौसष्ट वाढवून दाखवणार. मग मासिकात सचित्र लेख. हायस्कुलात नऊ वर्षं शास्त्र शिकवतोय, पण हेडमास्तर अजून मला ‘ते घंटेचं बघणारे हिलाल मास्तर’ म्हणूनच ओळख करून देतात. बघू जूननंतर काय म्हणतात.

बायको, प्रमिला, माहेरी पहूरला आहे. मुलगी गेली त्याला आज चोवीस दिवस झाले. अकरा दिवसांची होती. हे एकदा लिहून ठेवलं, पुन्हा लिहिणार नाही.

१० मार्च
अठ्ठावन्न पिल्लं बाहेर आली. पेरापेक्षा लहान, काचेसारखी. सहा अंडी बुरसटली. म्हणजे निकाल नव्वद टक्के. माझ्या वर्गाचा कधी लागला नाही.

पिल्लं लग्नातल्या तांब्याच्या घंगाळात हलवली. तांब्यातलं पाणी माणसाला मानवतं, पिल्लांना का मानवू नये? भागाबाईकडून घंगाळ चिंच लावून लखलखीत घासून घेतलं. भागाबाई भांड्यांना येते. तिचं मत पडलं, मास्तर, या ते पालना पिल्ला शेतस. ही पालीची नव्हेत, असं अर्धा तास समजावलं. सगळं ऐकून घेऊन म्हणाली, शेतसच.

१२ मार्च, सकाळी ७
एकोणीस मेली.

चिठ्ठीची दुसरी बाजू वाचली. पहिल्याच ओळीखाली दोन रेघा: तांब्यापितळेच्या भांड्यात ठेवू नकोस, विष आहे. महत्त्वाचं ते मागच्या बाजूला लिहायचं, ही कौतिकची कॉलेजपासूनची सवय. मी त्याला बोलणार नाही.

उरलेली एकोणचाळीस मातीच्या पसरट कुंड्यांत. मेलेल्यांसाठी वेगळी वही केली. क्रमांक, वेळ, भांड्यातली जागा. काम पद्धतशीर चाललं आहे.

१५ मार्च
पहूरहून रुपचंद आबांचं, म्हणजे सासऱ्यांचं, कार्ड. प्रमिला जेवते, कामं करते, पण बोलत नाही. जावईबापूंनी एकदा येऊन तिला घेऊन जावं. उलट टपाली कळवलं, होळीनंतर येतो. लहान पिल्लांना दिवसातून दोनदा भरवावं लागतं, ते दुसऱ्यावर टाकता येत नाही. आबा समजूतदार आहेत.

पिल्लं खात मात्र काहीच नाहीत. कौतिक म्हणतो अंड्याचा बलक लागला तर देऊन पाहा, पण घरमालक प्रेमचंद शेठ जैन, त्यांच्या घरात भाडेकरूने अंडं आणायचं नाही. ज्वारीचं पीठ दिलं. दुधात कुस्करलेली भाकरी दिली. पाण्याला वास आला.

१९ मार्च
एकतीस. आठ जणांची नोंद केली.

कौतिकचं कार्ड आलं. म्हणतो, पीठभाकरीने काय होणार, ही पोरं हलणारंच खातात. समोरून काहीतरी जिवंत वळवळत गेलं की तोंड उघडतात. पाण्यातले बारीक किडे शोध. हे मला साधारण वाटतच होतं.

२० मार्च, सकाळी ८
प्रश्न सुटला. घरातच होता.

शेठच्या पत्नी धनकुंवरबाई रोज पहाटे आडाचं पाणी दुहेरी कापडातून गाळतात. कापडावर जे अडकतं ते टाकून देत नाहीत. चांगल्या पाण्याने लोटीत उतरवून घेतात. त्याला जिवाणी म्हणतात. ती लोटी दोरीने पार आडाच्या पाण्याला टेकेपर्यंत सोडायची आणि हलकेच कलती करायची. वरून ओतायची नाही, जीव आपटतात. ज्या आडातले जीव त्याच आडात गेले पाहिजेत. आज भिंगाने लोटीत पाहिलं. टुणटुण उड्या मारणारे शेकडो बारीक किडे.

बाईंचे गुडघे दुखतात, त्यांना आडाशी वाकवत नाही. मी म्हणालो, उद्यापासून जिवाणीचं मी बघतो. बाईंचे डोळे भरून आले. म्हणाल्या, मास्टरजी, दुसऱ्या जातीचा माणूस एवढं करतो, आमचेच लोक आळस करतात.

ह्यात फसवणूक नाही. जीव ह्या पाण्यातून त्या पाण्यात जातात. पुढचं निसर्ग बघतो.

२९ मार्च
होळी झाली. जायला जमलं नाही. जिवाणी चालू केल्यापासून पिल्लं झपाट्याने वाढताहेत आणि नेमकी आता एकमेकांचे पाय खाताहेत. क्रमांक बाराने क्रमांक तीसचा पुढचा डावा पाय घेतला, सकाळी दहा वाजून वीस मिनिटांनी. दोघंही नंतर शांत होते.

कौतिक कळवतो, घाबरू नकोस, पाय पुन्हा येतो. अगदी पहिल्यासारखा. कल्ला गेला तर कल्लाही येतो. दोनदा वाचलं. मग शाळेत गेलो.

१२ एप्रिल. पाडवा
चोवीस.

भागाबाईने आपण होऊन गुढी उभारली. म्हणाली, बाईले कधी लयशात, मास्तर? घर कसं दिसी ऱ्हायनं. बाईला आणू सवडीने. घर व्यवस्थित आहे. कुंड्या ओळीने आहेत.

परत कार्ड आलं होतं. आबांनी लिहवून घेतलंय की प्रमिलाची काही तक्रार नाही, पण तुम्हीच या. एक गोष्ट नोंदीसाठी लिहितो. पहिलं बाळंतपण रीतीप्रमाणे पहूरलाच व्हायचं होतं. मी नको म्हणालो. धुळ्याला डॉक्टर आहे, खेड्यात सुईणीच्या हाती कशाला? असं आबांना चार माणसांत सांगितलं होतं. डॉक्टरने जे करायचं ते केलं. माझा निर्णय शास्त्राला धरूनच होता. आबांनी ते कधी काढलं नाही. काढलं असतं तर मला उत्तर देता आलं असतं.

आबांना कळवलं: आता महिन्याभरात आखाजी, म्हणजे अक्षय्य तृतीया, आहे. आखाजीला खानदेशातली प्रत्येक सासुरवाशीण माहेरी जाते. आज आणायची आणि आखाजीला पुन्हा पोचवायची, ह्यात काय अर्थ? सण होऊ दे, मग येतो. हे कारण मला फार पटलं.

२२ एप्रिल
सतरा. पण जी उरली ती धडधाकट. पिल्लं आता बोटभर झाली. मी गेलो की तोंड वर करून येतात. ओळखतात. कौतिक म्हणतो ओळखत नाहीत, सावली बघून येतात. त्याची हजार असतील, त्याला काय कळणार.

परीक्षेचे पेपर तपासायचे राहिले आहेत. उद्यापासून रोज पंचवीस.

२ मे
नऊ.

पाणी सत्तर डिग्रीच्या आत ठेव, असं कौतिकच्या चिठ्ठीच्या मागच्या बाजूला तळाला होतं. पडवीत थर्मामीटर एकशे नऊ दाखवतो. उपाय योजले: कुंड्या ओल्या वाळूत, भोवती ओलं गोणपाट, दाराला वाळ्याचा पडदा. मी दर पंधरा मिनिटांनी पडद्यावर पाणी मारतो. पडदा गार राहतो. पिल्लं पांढरी पडताहेत.

पेपर एकही झाला नाही.

११ मे
पाच.

धनकुंवरबाई पहिल्यांदाच माझ्या खोलीत आल्या. कैरीचं पन्हं घेऊन. मी उन्हातान्हात एवढा कोणाला जपतोय ते त्यांना बघायचं होतं. कुंड्यांपाशी बसल्या. म्हणाल्या, तोंड किती भोळं आहे. मग विचारलं, हे खातात काय?

मी शास्त्रीय नावं सांगितली. बाई म्हणाल्या, ते मिळतं कुठे? ओट्यावर त्यांचीच लोटी होती.

बाईंनी लोटीकडे पाहिलं. ओरडल्या नाहीत. किती दिवस, एवढंच विचारलं. मी हिशेब करून सांगितलं, बावन्न. त्या भिंतीला धरून उठल्या, लोटी घेतली आणि गेल्या.

१२ मे
प्रेमचंद शेठ येऊन सांगून गेले की बाईंनी तीन दिवसांचा उपास धरला आहे. निव्वळ पाण्यावर. मी म्हणालो, चूक असलीच तर माझी, त्या का उपाशी? शेठ म्हणाले, तिचं म्हणणं आहे, ते जीव तिच्या हातून सोपवले गेले. जीव सोपवताना कुठे जातात ते आपण जाऊन बघायचं असतं.

घर सोडायला सांगितलं असतं तर बरं झालं असतं. तसं काही म्हणाले नाहीत.

सकाळी आडाशी दोरीचा आवाज येत होता. बाई स्वतः वाकून लोटी सोडत होत्या. मी पडद्यावर पाणी मारत राहिलो.

१३ मे. आखाजी
झाडांना झोके बांधलेत, गल्लीत माहेरवाशिणी गाताहेत. दार लावून घेतलं. वाऱ्याने पाणी तापतं म्हणून.

१८ मे, दुपारी ३.४०
शेवटचं गेलं. क्रमांक सात. वहीत लिहिलं. अठ्ठावन्न नोंदी पूर्ण, एकही गाळलेली नाही. एवढी संपूर्ण वही कौतिककडेही नसेल. लेख मृत्यूंवरच करता येईल.

कुंड्या पालथ्या घातल्या. काही वाटलं नाही. भूकही लागली नाही. आता पहूरला न जायला काही कारण उरलेलं नाही, हे पाच वाजता लक्षात आलं. सहापर्यंत दुसरं शोधलं.

२१ मे. पहूर
चाळीसगावला गाडी बदलली, पाचोऱ्याला बदलली, मग छोट्या गाडीने इथे. वाटेत प्रमिलाला काय सांगायचं त्याचे तीन मुद्दे तयार केले: हवापालट पुष्कळ झाली, घर तिची वाट बघतंय, झालं ते कोणाच्याच हातात नव्हतं.

आबांनी पाय धुवायला पाणी दिलं. प्रमिला शेंगा फोडत बसली होती. वाळली आहे. मी तिन्ही मुद्दे सांगितले. ती फोडतच राहिली. मग इतक्या महिन्यांत पहिल्यांदा बोलली. म्हणाली, पोरीले कुठे पुरलं ते मले दाखवा, मंग येते.

त्या दिवशी ती खाटेवर होती, बायकांनी तिला उठू दिलं नाही. मी शेठना, शेजाऱ्यांना, सगळ्यांना थांबवून एकटाच नदीवर घेऊन गेलो होतो.

मी म्हणालो, अर्थातच. उद्याच निघू.

२२ मे. गाडीत
ती खिडकीशी बसून आहे. जागा ह्या घडीला नक्की आठवत नाही. पांझरेचा काठ, बाभळी होत्या. बाभळी बऱ्याच आहेत. तिथे गेलो की आठवेल. माझी निरीक्षणशक्ती चांगली आहे. नाहीच आठवली, तर एखादं झाड दाखवायचं. तिला समाधान मिळेल. आणि झाड ते झाड.

२३ मे
सकाळी सहाला दोघं नदीवर गेलो. काही आठवलं नाही. थोडी वाकलेली एक बाभूळ निवडली, कोणालाही पटेल अशी. तिच्या बुंध्याकडे बोट दाखवलं.

प्रमिला खाली बसली. वाळूवर हात फिरवला. कनवटीला मुलीचं टोपडं होतं, ते काढून तिथे ठेवलं. माझ्याकडे न बघता म्हणाली, अठेच नं?

मला हो म्हणायचं होतं. तोंडातून माहीत नाही असं आलं. म्हणालो, त्या दिवशी मी कुठेच बघितलं नाही गं. खणलं, ठेवलं आणि पळत घरी आलो. आणि मला रडू फुटलं. तिच्यासमोर, नदीवर पाणी भरणाऱ्या बायकांसमोर.

ती रागावली नाही, जवळही आली नाही. टोपडं उचललं, त्यावरची वाळू झटकली, आणि पुढच्या बाभळीखाली जाऊन बसली. तिथे हात फिरवला. मग त्याच्या पुढच्या. मी मागोमाग जात होतो. पाचव्या का सहाव्या झाडाशी मीही खाली बसून वाळूवर हात ठेवला. ती सरकली, जागा दिली.

ऊन चढेपर्यंत तिथेच होतो. ती इथे राहणार की परत जाणार, ते तिने सांगितलेलं नाही. झाडं अजून उरली आहेत. उद्या सकाळी पुन्हा जायचं आहे.