दुसऱ्या आवाजाचं पान

कोरगाव, पेडणे
मे महिना, काजू संपत आलेत

प्रिय रुद्रेश,

पाकीट बघून तू आधी घाबरला असशील. टपालाने आपल्याकडे कधी चांगली बातमी आली नाही, असं आई म्हणायची. म्हणून आधीच सांगते, बाबा बरे आहेत. म्हणजे होते तसेच आहेत. खिशात फोन असताना ताय पत्र का लिहीत बसली, तर कारण अगदी साधं आहे. फोनवर मी जे बोलते ते बाबांना ऐकू येतं. त्यांचं बोलणं गेलंय, कान शाबूत आहेत, आणि समज तर तुझ्या-माझ्यापेक्षा जास्त. ओसरीवर जाऊन बोलावं तर मध्ये एक खिडकी. परसात गेले तर बाबा लगेच खाटेवर हात आपटायला लागतात. म्हणून गेली तीन वर्षं आपलं बोलणं 'जेवलास का' आणि 'तिथे पाऊस आहे का' एवढ्यावरच चाललंय, आणि तुला वाटतं, तायचं बरं चाललंय.

बागायतीचं यंदा रघुनाथकाकांनी बघितलं. मला काजूच्या झाडाखाली जायलासुद्धा जमलं नाही, वास मात्र घरबसल्या मिळाला. आणि मोपाचा विमानतळ सुरू झाला, हे तुला माहीत आहेच. पुण्याहून यायचं म्हणजे बसमध्ये रात्र मोडते, कंबर मोडते, रजा मोडते, असं तू म्हणायचास ना? आता विमानं आपल्या माडांवरून जातात. कपडे वाळत घालताना मी मान वर करून बघते. मी स्वतः म्हापशाला गेल्या दिवाळीनंतर गेलेले नाही. सकाळी पोदेर पाव घेऊन येतो तेव्हा त्याच्याशी दोन शब्द बोलते, तो पुढच्या घरी गेला की माझा दिवसभराचा बाजार उरकला. खोटं कशाला सांगू, कधी कधी दाराची कडी काढताना मला वाटतं की ही आतून नाही, बाहेरून लावलेली आहे.

पण पत्र मी आपल्या गाण्याबद्दल लिहितेय. आठवतं ना? बाबांना म्हापशाच्या पाद्रींच्या शाळेत शिकवलेलं ते चार आवाजांचं गाणं. कोकणी नाही, मराठी नाही, शब्द लॅटिन, त्यातले निम्मे बाबा विसरलेले, म्हणून आपण नुसतं 'ना ना' म्हणायचो. वरचा आवाज आईचा, दुसरा माझा, तिसरा तुझा, खालचा बाबांचा. तिन्हीसांजेला दिवा लावून झाला, शुभंकरोती झाली की हे सुरू. शेजारची सुमनमावशी कुंपणावरून आईला ओरडायची, "गे मालती, तुमी चौगां चार वाटांनी गातात, एक तरी घराक पावता मगे?" आई हसून हसून सूर सोडायची. आपल्याला वेगवेगळं का शिकवलं, म्हणून आपण भांडायचो. तू म्हणायचास तुझं खरं गाणं, माझं नुसतं कण्हणं. आणि बरोबरच होतं तुझं. दुसऱ्या आवाजाला चाल अशी नसतेच. तीन-चार सुरांत घुटमळत राहायचं, बाकीच्यांना आधार द्यायचा. एकटीने म्हटलं तर कुणाला ते गाणं आहे असं वाटतसुद्धा नाही.

झटक्याने बाबांचं अर्धं अंग गेलं तेव्हा त्यांच्याकडे एकच शब्द उरला, सगळं झाल्यासारखा, तो तुला माहीत आहे. भूक लागली, 'जालां'. पाठ दुखली, 'जालां'. तुझा फोन आला, तरी 'जालां'. डॉक्टर म्हणाले होते की बोलणं जातं तिथेही कधी कधी गाणं राहतं. मी ते मनावर घेतलं नव्हतं. मग गेल्या पावसाळ्यात मी त्यांचं अंग पुसत होते, आणि त्यांनी खालचा आवाज धरला. सुरात! मी ओला कपडा हातात घेऊन रडले रे. आणि मग माझा आवाज लावला. त्या दिवसापासून आम्ही रोज म्हणतो. सकाळी म्हणतो, दुपारी म्हणतो, त्यांना वाटेल तेव्हा म्हणतो. पण गाणं मध्यावर येतं आणि अडकतं. जिथे आई-बाबा थांबतात आणि तिसरा आवाज, म्हणजे तू, एकटा आत शिरतोस, ती जागा. तिथे मी माझा लांब सूर धरायची, आठवतं? मी तो धरते, बाबा दाराकडे बघतात. माझा दम संपतो. ते पुन्हा पहिल्यापासून सुरू करतात. जवळपास वर्ष झालं, त्या गाण्याचा दुसरा अर्धा भाग या घरात कुणी ऐकलेला नाही.

मला वाटलं, आपण काहीतरी चुकीचं म्हणतोय, म्हणून बाबा पुढे जात नाहीत. त्यांचा मूळ कागद केव्हाच वाळवीने खाल्ला. बाबा झोपले की मी फोनवर शोधत बसायची. स्पेलिंग चुकवत चुकवत, बाबांच्या तोंडात उरलेले दोन लॅटिन शब्द घालून बघायची. आणि सापडलं! इंटरनेटवर अशा समूहगानांची मोफत ग्रंथालयं आहेत, मला पत्ताच नव्हता. हजारो गाणी, किती आवाजांची, कुठल्या आवाजांची, सगळं लावून ठेवलेलं. आपलं गाणं रचणारा मरून शेकडो वर्षं झाली, त्यामुळे त्यावर आता कुणाचा हक्क नाही. कुठल्या तरी परक्या देशातल्या कुणीतरी ते बसून एकेक सूर करून उतरवलं आणि खाली लिहिलं, छापा, वाटा, गा. किती चांगली माणसं असतात बघ. पण ते वाचून मला आनंदाआधी हेवा वाटला. गाण्याचासुद्धा हेवा वाटतो माणसाला. ते मोकळं आहे, कुणाकडेही जाऊ शकतं, असं लिहिलं होतं, आणि मी फोन मांडीवर ठेवून बाबांच्या कूस बदलण्याची वाट बघत होते.

पेडण्याच्या झेरॉक्सवाल्याकडून रघुनाथकाकांनी पानं छापून आणली. ते स्वरलेखन वाचायला बाबांनी आपल्याला लहानपणी शिकवलं होतं, तू कंटाळून पळायचास, मी बसायची. मी माझी ओळ बोटाने वाचत गेले. आणि त्या जागेवर येऊन थांबले, कारण तिथे माझा लांब सूर नाहीच. तिथे विराम आहे. वरच्याला, दुसऱ्याला, खालच्याला, तिघांनाही विराम. सगळे गप्प, आणि तिसरा आवाज एकटा येतो. मी तीनदा बघितलं. मग आठवलं, तू सहा-सात वर्षांचा होतास, एकट्याने सुरुवात करताना तुला तुझा सूर सापडायचा नाही, तू रडकुंडीला यायचास. म्हणून बाबांनी माझ्या विरामात मला सूर धरायला लावलं. तुला वाट सापडावी म्हणून. रचणाऱ्याने मला विसावा लिहून दिलेला, आणि या घरात तो मला कधी मिळालाच नाही. तुला काय सांगू, मला इतका राग आला. बाबांचा आला, तुझा आला, आणि मेलेल्या आईचासुद्धा आला.

दुसऱ्या दिवशी मी तिथे मुद्दाम गप्प राहिले, छापलंय तसं. बाबा थांबले. माझ्याकडे बघितलं. मग चांगल्या हाताने खाट आपटायला लागले, आपटतच राहिले, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. मी सूर धरला तेव्हा शांत झाले आणि पुन्हा दाराकडे बघू लागले. तेव्हा मला कळलं, ते माझ्या सुराची वाट बघत नाहीत. माझा सूर तर घरातच आहे, पेजेच्या तपेल्याजवळ. ते तुझी वाट बघतात. तुझी ओळ मी म्हणून बघितली, पण तिच्याकडे वळले की माझा सूर सुटतो, आणि बाबा मान हलवतात. फोनवर चारही आवाज वाजतात त्या साइटवर, पेटीसारखे, तेही लावून बघितलं. बाबांनी तोंड भिंतीकडे केलं. म्हणून 'ताय, मी रेकॉर्ड करून पाठवतो' असं लिहू नकोस.

आता खरं सांगते. मडगावला एका शाळेच्या मुलींच्या वसतिगृहात मला नोकरी मिळाली आहे. राहणं तिथेच, रविवारी सुटी. जूनच्या आधी हजर व्हायचंय. मी होकार कळवून मोकळी झालेय, तुला विचारलं नाही, कारण तू 'बघू' म्हणाला असतास. तुझं काम गेली तीन वर्षं घरी बसूनच चाललंय, हे तूच सांगतोस. ते घर पुण्यातलंच असायला हवं असं नाही. सुमनमावशी दिवसा मदतीला येईल, इंटरनेटची तार मी घेऊन ठेवलीय. पल्लवी आली तर आनंदच आहे, पण तुझ्याऐवजी बायकोला पाठवू नकोस. बाप तुझा आहे.

पाकिटात एक पान आहे. तुझी ओळ शोधशील तर ती त्यात नाही. तुझी ओळ मी ठेवून घेतलीय. तुला पाठवलंय ते दुसऱ्या आवाजाचं पान आहे, माझं. पाठ कर. सोपं आहे, तीन-चार सूर आहेत, घुटमळत राहायचं. मध्ये विराम दिसेल, तो मानू नकोस, तिथे लांब सूर धर, मी पेन्सिलीने खूण केलीय. रविवारी मडगावहून मी येईन. तू बाबांच्या खाटेजवळ बसून सूर धरलेला असशील, बाबा दाराकडे बघत असतील, आणि तिसरा आवाज म्हणत मी आत येईन. या घरात दाराकडे कुणीतरी माझ्यासाठी बघतंय, हे मला एकदा बाहेरून येताना बघायचंय रे.

तुझीच,
ताय