शेवंताकाकू आमच्या घरी आली

बोरी अरब, १२ मार्च १९६१

बापू आज जन्मठेप भोगून नागपूरच्या तुरुंगातून घरी आले. चौदा वर्षांनी. दार नुसतं लोटलेलं होतं, तरी बाहेरच उभे राहिले. कोणीतरी उघडेल म्हणून! आईनं आतून दार उघडलं आणि तिला रडूच कोसळलं.

पण मनातून जात नाही ती संध्याकाळ. शेवंताकाकू आली. शेताच्या धुऱ्याच्या, बांधाच्या भांडणात बापूंच्या कुऱ्हाडीनं तिचाच नवरा गेला. तेव्हापासून आमच्या दारावरून जाताना ती तोंड फिरवायची; आमच्या घरच्या पाण्याचा थेंबही तिनं घेतला नव्हता. आज सरळ आत आली. बापू ताडकन उठले. हात खाली, मान खाली, जेलरपुढे उभं राहावं तसे.

"वहिनी, मले काही तरी बोल," ते म्हणाले.

"चवदा वर्सं मनातल्या मनात बोलली मी तुमाले, भाऊजी. रोज चूल पेटवतानी. आता थकली. बसा खाली."

बापू बसेनात. मग तिनंच त्यांचा हात धरून त्यांना बसवलं. तोच हात! ती त्याला कशी शिवली? मला जमलं असतं? मी त्यांची पोटची पोरगी, तरी दुपारभर त्या हाताकडे बघायचं टाळत होते.

कोर्टानं शिक्षा दिली, सरकारनं सोडलं. पण काकूनं आज केलं त्याएवढं मोठं मला त्यातलं काहीच वाटत नाही.

निघताना ती मला म्हणाली, "पोरी, पाणी दे." मी तांब्या दिला. ती घटाघटा पाणी प्याली आणि आम्ही तिघं तिच्याकडे नुसते पाहत राहिलो.