दीपगृह आधी कोणी घेतलं?

चि. ठकूस,

थोरल्या भावाचे अनेक आशीर्वाद. (आपल्यात सध्या पैज लागलेली आहे, पण म्हणून आशीर्वादात कपात करावी इतका मी कोत्या मनाचा नाही.) तुझा गुडघा कसा आहे? जिना एका दमात चढतेस, की अजून मधल्या पायरीवर थांबून भिंतीचा रंग निरखण्याचं सोंग करतेस? मेहुण्यांचा खोकला गेला का? नसेल तर त्यांना म्हणावं, खोकला हा पाहुण्यासारखा असतो, त्याची फार विचारपूस केली की तो मुक्काम वाढवतो. तुझ्या दुकानात तू करून दिलेला नवा चष्मा झकास आहे. त्यातून बारीक अक्षर स्वच्छ दिसतं, आणि गेले तीन आठवडे मी बारीक अक्षराखेरीज दुसरं काहीही वाचलेलं नाही. ते का, हे सांगण्यासाठीच हा पत्रप्रपंच.

भांडणाचं मूळ तुला माहीत आहेच, पण इतिहासाच्या शिक्षकाला पार्श्वभूमी सांगितल्याशिवाय चैन पडत नाही. वाचनालयाच्या सभागृहात ‘मोठ्या माणसांनी खेळावं का?’ या विषयावर माझं व्याख्यान होतं. दीडशे खुर्च्या, त्यांतल्या नव्वद भरलेल्या. (निवृत्त शिक्षकाच्या मानानं ही गर्दीच म्हणायची.) मी रंगात आलो होतो. कॉम्प्युटरवरचे खेळ ही पोरांची मक्तेदारी नाही, असं ठणकावून सांगत होतो. उदाहरण म्हणून म्हणालो, की बघा, मी स्वतः उतारवयात दीपगृहाचा खेळ विकत घेतला, समुद्रातल्या खडकावर एकट्यानं दिवा सांभाळायला आणि जहाजांना वाट दाखवायला शिकलो, आणि मग माझ्या धाकट्या बहिणीलाही त्याची गोडी लावली. टाळ्यांसाठी मी अर्धा क्षण थांबलो. त्या अर्ध्या क्षणात तू तिसऱ्या रांगेतून उभी राहिलीस. “साफ खोटं! आधी मी घेतला, आणि मीच तुला दाखवला. दादा, तारीख सांग, तारीख!”

ठकू, मी आयुष्यात हुल्लडबाज पाहिले, विरोधक पाहिले, ऐन मुद्द्यावर मान टाकणारे माईक पाहिले, पण सख्खी बहीण हा प्रकार व्यासपीठावरून कधी पाहिला नव्हता. वर पहिल्या रांगेत आई. तिनं तिथल्या तिथे निवाडा केला, की तिच्या ऐंशीव्या वाढदिवसाला सगळं गणगोत जमेल, तेव्हा जो खोटा ठरेल त्यानं उभं राहून ‘माझं चुकलं’ म्हणायचं. दोन शब्द. त्यापुढे एक अक्षर नाही. लोकांनी माझ्या व्याख्यानाला दिल्या नाहीत इतक्या टाळ्या त्या निवाड्याला दिल्या. आता तू जाणतेसच, मी हे दोन शब्द या क्रमानं आजवर उच्चारलेले नाहीत. लहानपणी तुझी सायकल ओढ्यात घातली, तेव्हासुद्धा मी ‘सायकलीचं चुकलं’ असंच म्हणालो होतो. घरात मला ‘भोंगा’ म्हणतात, आणि भोंगा कधी माफी मागताना ऐकलायस का?

तुझी पावती मी पाहिली. सहा वर्षांपूर्वीची चौदा मार्च. (ती छापून, वर प्लास्टिक चढवून दुकानाच्या काउंटरवर उभी करण्याची गरज नव्हती. लोक तिथे डोळे तपासायला येतात, माझी अब्रू नव्हे.) माझी आठवण अशी, की मी तो खेळ फेब्रुवारीत, पाय प्लास्टरमध्ये असताना घेतला. म्हणजे चौदा मार्चच्या आधीची तारीख दाखवली की मी सुटलो. तीस वर्षं पोरांकडून सनावळ्या घोकून घेतलेल्या माणसाला एक तारीख शोधणं म्हणजे काय मोठंसं, असं मला वाटलं. तिथेच घोड्यानं पेंड खाल्ली.

खेळांची यादी उघडली. दीपगृह समोरच. मी ते किती तास खेळलो, ते लिहिलेलं आहे (सहाशे बारा, हा आकडा कुणाला कळता कामा नये), शेवटचं कधी खेळलो तेही आहे, पण विकत कधी घेतलं ते कुठेही नाही! अगं, पावशेर खिळे घेतले तरी दुकानदार कागदाच्या चिठोऱ्यावर तारीख घालतो. माणूस जन्मतो त्याची तारीख असते, मरतो त्याची असते, आणि त्याच्या मालकीच्या वस्तूला जन्मतारीख नाही? माझं ठाम मत आहे, की ज्या वस्तूची तारीख मालकाला ठाऊक नाही, ती वस्तू मालकाची नसतेच. मालकच वस्तूचा असतो. (हे वाक्य मी वहीत उतरवून ठेवलंय. पुढच्या व्याख्यानाला येईल.)

मग म्हटलं, कॉम्प्युटरला तरी ठाऊक असेल. खेळाच्या फोल्डरवर तारीख सापडली, आणि मी खुर्चीतून उठलोच. पण ती निघाली दोन वर्षांपूर्वीच्या नोव्हेंबरातली. तेव्हा दुरुस्तीवाल्यानं कॉम्प्युटर पुसून सगळं नव्यानं भरलं होतं. म्हणजे घर कधी बांधलं हे शोधायला जावं आणि चुना कधी दिला तेवढंच कळावं. दुरुस्तीवाल्याला फोन केला तर तो म्हणाला, “काका, ती तारीख खेळ उतरवल्याची. विकत घेतल्याची अकाउंटमध्ये बघा ना.” माझ्या वयाच्या माणसाला ‘बघा ना’ म्हणणाऱ्यांनी आधी तो पासवर्ड आठवून दाखवावा. मी त्या काळी पासवर्ड म्हणून एका लढाईचं वर्ष ठेवलं होतं. कुठल्या लढाईचं, ते आठवेना. एका दुपारी मी शे-दीडशे वर्षांच्या सगळ्या लढाया पुन्हा लढलो. शेवटी तहाच्या वर्षाला दार उघडलं.

आत ‘खरेदीचा इतिहास’ असं पान होतं. इतिहास हा शब्द पाहून मला माहेरी आल्यासारखं झालं. पण त्या इतिहासात फक्त तीन खेळ! मी दोन दिवस आकांडतांडव केलं, वर्तमानपत्राला पत्रसुद्धा लिहायला घेतलं (मथळा: ‘आमचा भूतकाळ कोणी चोरला?’). मग चष्मा कपाळावरून नाकावर घेतल्यावर दिसलं, की ते पान मुळात मागचे तीनच महिने दाखवतं, आणि कोपऱ्यात कालावधी बदलायची सोय आहे. बदलला. सत्तावीस खेळ धडाधड बाहेर आले, प्रत्येकाची तारीख, वार, वेळ, सगळं. त्यातून एक दुःखद शोध लागला. ‘अनावश्यक खरेदी: एक सामाजिक रोग’ हे माझं गाजलेलं व्याख्यान संध्याकाळी सहाला सुरू झालं, आणि त्याच दिवशी पाच वाजून चाळीस मिनिटांनी मी बेकरी चालवण्याचा एक खेळ घेतलेला आहे. तो अजून उघडलेला नाही. आणि सत्तावीसांत दीपगृह? नाही! वरून खाली पाहिलं, खालून वर पाहिलं. नाही म्हणजे नाही.

ई-मेलमध्ये पावती असावी म्हणून तिकडे वळलो. तिथे मीच दोन वर्षांमागे ‘जुनं ते जाऊ द्या’ अशा आवेशात सगळी झाडलोट केलेली. जन्मभर कागदपत्रं जपा म्हणून वर्गात ओरडलो आणि स्वतःचं दप्तर स्वतःच्या हातानं जाळून बसलो.

आता तू म्हणशील, वहिनीला का नाही विचारलंस? अगं, तिचा काय संबंध? तुझी वहिनी तपासणीच्या प्रयोगशाळेत रक्ताच्या नळ्यांवर तारीख आणि वेळ लिहून लिहून इतकी सरावली आहे, की घरातही तिला त्याखेरीज दुसरं सुचत नाही. लोणच्याच्या बरणीवर तारीख, घड्याळाच्या सेलवर तारीख, दात घासायच्या ब्रशवर तारीख. माझ्या प्लास्टरवर लोकांनी सह्या केल्या, हिनं दिनांक आणि वेळ टाकली. पण खेळबिळ ही तिची दुनियाच नव्हे. ती बिचारी जेवणाच्या सुट्टीत लॅपटॉप उघडून रिपोर्टच बघत असते. तिला या भानगडीत कशाला ओढायचं?

तेव्हा मी खेळ विकणाऱ्या कंपनीच्या कस्टमर केअरला लिहिलं. चार पानं. सुरुवात माणसानं मातीच्या विटांवर व्यवहार कोरले तिथून केली आणि तिसऱ्या पानावर मुद्द्याला आलो. तिकडल्या बाईंचं उत्तर आलं दोन ओळींचं: तुमच्या अकाउंटवर हा खेळ खरेदी केल्याची कोणतीही नोंद नाही, आपला दिवस चांगला जावो. ठकू, म्हणजे मी काय तो चोरला? सहाशे बारा तास मी चोरीच्या दीपगृहात दिवा लावतोय? मी तत्काळ सात पानी उत्तर धाडलं. त्यात ‘चारित्र्य’ हा शब्द नऊ वेळा आहे.

मधल्या काळात एक पुरावा मात्र हाती लागला, तो प्रामाणिकपणे सांगतो. खेळात काही पराक्रम केला की पदक मिळतं आणि पदकावर तारीख असते. माझं पहिलं पदक ‘पहिलं जहाज खडकावर’ या पराक्रमाबद्दलचं आहे. (तेव्हापासून एकूण एक्केचाळीस बुडाली. जहाज जवळ आलं की मला त्याला काहीतरी समजावून सांगावंसं वाटतं, आणि दिवा फिरवायचा राहतो.) त्यावर तारीख त्याच वर्षीच्या दोन एप्रिलची. तू लगेच नाचू नकोस. पदकाची तारीख म्हणजे खरेदीची नव्हे. माझ्या कपाटात अकरा वर्षं न उघडलेली पुस्तकं आहेत. ती काय मी घेतलेली नाहीत? फेब्रुवारीत घेतलं, एप्रिलमध्ये उघडलं, असं सहज असू शकतं. दोन एप्रिलला रविवार होता आणि तू आमच्याकडे आली होतीस, हा निव्वळ योगायोग आहे.

तर प्रकरण असं न्यायप्रविष्ट आहे. पुरावा अपुरा असेल तर निकाल देऊ नये, असं सुसंस्कृत समाजात मानतात. म्हणून माझी सूचना अशी, की वाढदिवसाच्या दिवशी हा विषयच काढू नये. आईला शाल द्यावी, केक कापावा आणि गुण्यागोविंदानं घरी जावं. मेहुण्यांना नमस्कार.

तुझा,
दादा (भोंगा)

ता. क. १: समजा, अगदी केवळ समजा, मी हरलो, तर माझी एकच विनंती आहे, आणि खरं म्हणजे पत्र त्यासाठीच लिहिलं. आईला तू समजाव. दोन शब्दांत कुणाचं काय भागतं? चुकीला संदर्भ असतो, पार्श्वभूमी असते, मानवजातीच्या चुकांची एक परंपरा असते. मला चाळीस मिनिटं मिळवून दे. शेवटच्या मिनिटाला मी ते दोन शब्द नक्की म्हणेन. आई तुझं ऐकते. माझं भाषण सुरू झालं की ती बरा कान उशीवर ठेवते.

ता. क. २: पत्र चिकटवणार तोच त्या बाईंचं दुसरं उत्तर आलं. ‘हा खेळ तुमच्या कुटुंब-गटातील दुसऱ्या सदस्याच्या मालकीचा असून, तो तुम्हाला वापरण्यापुरता दिलेला आहे.’ म्हणजे घेतला दुसऱ्यानंच, आणि माझ्या यादीत तो नुसता उसना दिसतोय! त्या गटात मला धरून माणसं दोन आहेत. दुसरा मी नव्हे, हे नक्की. घरात तिसरं कुणी राहत नाही.

ता. क. ३: विचारलं. ती प्रयोगशाळेचा डबा भरत होती. मान वर न करता म्हणाली, “तीन मार्च, दुपारी एक वाजून दहा मिनिटं. जेवणाच्या सुट्टीत घेतला.” मी म्हटलं, अगं, मग तीन आठवडे बोलली का नाहीस? तर म्हणे, “तुम्ही कंपनीला विचारलंत, दुरुस्तीवाल्याला विचारलंत, पेपराला विचारणार होतात. मला कुठे विचारलंत?” आणि घेतलास तरी कशाला? “तुम्ही पाय वर करून पडलेले, दिवसभर बोलत. मला कुठेतरी निघून जायचं होतं. दीपगृहावर गेले.” सहा वर्षं, ठकू! आणि जहाज एकही बुडवलेलं नाही. मी तिला विचारलं, मग ठकूला हा खेळ कुणी सांगितला? तर तू त्या आठवड्यात रक्त द्यायला गेली होतीस म्हणे, आणि सुई टोचताना तुझं लक्ष उडावं म्हणून हिनं तुला दिव्याची गोष्ट सांगितली. आठव जरा. म्हणजे तूही शोधला नाहीस, मीही शोधला नाही. तुझी पावती काउंटरवरून उतरव. आपण दोघंही उभे राहू. चाळीस मिनिटांतली पाच तुला देतो.

ठकू, हे पत्र मी यांच्याकडून वाचून घेतलं. आईंशी मी बोलले आहे. मिनिटं कुणालाच मिळायची नाहीत. दोघांनी एकदम उभं राहायचं, माझ्याकडे तोंड करायचं, दोन शब्द. गुडघा दुखत असेल तर तू बसून म्हण. — वहिनी. पाकीट बंद केलं: मंगळवार, सकाळी ९ वाजून १२ मिनिटं.